हिजिकाताचा नाच बघून झोप उडाली. हा नाच बघायचा कसा?

गवतफूल

मला बॉडी हॉरर हा प्रकार आवडतो. शरीर वितळतंय, फुगतंय, त्यातून भलतंच काहीतरी उगवतंय, असले सिनेमे मी जेवतानासुद्धा बघू शकते. तसंच काहीतरी शोधताना परवा रात्री एका जपानी नर्तकाच्या जुन्या कृष्णधवल चित्रणापाशी येऊन थांबले. हिजिकाता तात्सुमी. नाच १९७२ चा, तोक्योतल्या शिंजुकूमधल्या नाट्यगृहातला. नाव ‘होसोतान’, म्हणजे देवीच्या रोगाची गोष्ट.

एक माणूस जमिनीवर पडलाय. अंगावर चिंध्या, बरगड्या मोजता येतील अशा. तो उठायला बघतो. गुडघा वर येतो, मध्येच थरथरतो, घोटा आत वळतो आणि सगळा डोलारा खाली. मग पुन्हा पहिल्यापासून. मागे एक बाई गातेय. ते फ्रान्समधल्या धनगरांचं गाणं आहे म्हणे. अगदी निवांत, दुपारच्या वेळी समोरच्या डोंगरावरून हाक यावी तसं. बस, एवढंच. रक्त नाही, मारामारी नाही. आणि रबराची राक्षसं बघून कधी न घाबरलेली मी त्या रात्री पहाटेपर्यंत जागी होते. दुसऱ्या दिवशी पुन्हा बघितलं. काल परत.

मला दोन गोष्टी विचारायच्या आहेत. हा माणूस रोग्याचं सोंग आणतोय का? आणि हे बघताना आपण नक्की काय बघायचं असतं? कुणी प्रत्यक्ष प्रयोग बघितला असेल, काही वाचलं असेल तर जरूर लिहा.

अवखळ

वाचतोय. चित्रण मात्र उद्या सकाळी उजेडात बघणार.

रंगपीठ

चांगला धागा काढलात. मी प्रायोगिक नाटक करतो, त्यामुळे या माणसाशी माझा जुना संबंध आहे. थोडी पार्श्वभूमी देतो.

त्याचं खरं नाव योनेयामा कुनिओ. जन्म १९२८ चा, जपानच्या उत्तरेला आकितामध्ये. शेतकऱ्याचं घर, अकरा भावंडांत हा दहावा. तोक्योत येऊन नाच शिकला, पण त्या नाचांना लांब, सरळ, हवेत झेपावणारे पाय लागतात. आणि ह्याच्या डोक्यात होते भाताच्या चिखलात रुतलेले, फेंगडे पाय.

१९५९ च्या मे महिन्यात तोक्योत नवोदित नर्तकांचा कार्यक्रम होता. त्यात त्याने ‘किंजिकी’ केला. नाव मिशिमा युकिओच्या कादंबरीवरून उचललेलं. नाच काही मिनिटांचाच, त्यातला बराचसा काळोखात. एक हिजिकाता आणि दुसरा ओनो योशितो, विशीतला पोरगा. पोराच्या मांड्यांमध्ये जिवंत कोंबडी दाबलेली. मग दिवे गेले आणि प्रेक्षकांना ऐकू आली फक्त धावणारी पावलं आणि धापा. संस्थेत असा गहजब झाला की हिजिकाता तिथून बाहेरच पडला. मिशिमा मात्र पुढे त्याचा पाठीराखा झाला.

या नाचाला नंतर नाव पडलं ‘आंकोकु बुतो’. आंकोकु म्हणजे मिट्ट काळोख. बुतोमधला ‘बु’ नाचाचा, ‘तो’ पाय आपटून जमीन तुडवण्याचा. जिवाच्या आकांताने ताठ उभं राहिलेलं प्रेत म्हणजे बुतो, ही त्याची व्याख्या प्रसिद्ध आहे.

तुमच्या पहिल्या प्रश्नाला माझं उत्तर : सोंग नाही. सोंगात आधी बाहेरचा आकार पकडतात. इथे आत काहीतरी घडू देतात आणि आकार आपोआप बिघडतो. ते कसं, हे हवं असेल तर सविस्तर लिहीन.

भोवरा

मी विरोधात लिहिणार आहे, राग मानू नका.

कोंबडी मांड्यांत दाबून नाचणं याला मी कला म्हणणार नाही. त्या मुक्या जिवाला तुमचं बंड कळत नव्हतं. आणि ‘होसोतान’चं म्हणाल तर मी काल रात्री शेवटपर्यंत बघितलं. त्यातली वळलेली बोटं कुष्ठरोग्याची आहेत हे सरळ दिसतं. आपल्याकडे कुष्ठरुग्णांना माणूस म्हणून उभं करण्यासाठी लोकांनी उभी आयुष्यं घातली. आणि इथे एक धडधाकट माणूस तीच बोटं वळवून दाखवतो आणि शहरातले रसिक तिकीट काढून बघतात. जत्रेतल्या तंबूत दोन डोक्यांचं वासरू दाखवायचे, त्यात आणि यात फरक काय?

याच माणसाने १९६९ मध्ये इशी तेरुओच्या एका भयपटात काम केलंय. बेटावर राहून माणसांची शरीरं मोडून-जोडून विद्रूप करणाऱ्या बापाचं. त्या सिनेमाचं नावच मुळी विद्रूप माणसांवरून आहे. जपानमध्ये तो वर्षानुवर्षं घरी बघायला मिळत नव्हता, तो उगाच नाही.

गवतफूल

@भोवरा, राग कसला? हीच टोचणी मलाही आहे, म्हणून तर विचारलं. तो सिनेमा मी बघितलाय. खडकांवरून तो लाटांकडे तोंड करून वेडावाकडा चालत येतो, ते दृश्य विसरता येत नाही. पण त्या सिनेमाने मला घाबरवलं आणि ‘होसोतान’ने जागं ठेवलं. या दोन गोष्टी माझ्यासाठी वेगळ्या आहेत.

@रंगपीठ, सविस्तर लिहाच.

चिमणपाखरू

हे सगळं हिरोशिमातून आलंय ना? जळालेली, सोललेली शरीरं. मी तरी असंच वाचलं होतं.

निशीकासाईकर

गेली बरीच वर्षं तोक्योत आहे, म्हणून थोडं लिहितो.

@चिमणपाखरू, असं पुष्कळ ठिकाणी लिहिलेलं असतं, पण मला ते पटत नाही. पांढरं फासलेलं, वाकलेलं शरीर दिसलं की बाहेरच्या माणसाला हिरोशिमाच आठवतं. त्या काळात जगलेल्या कुणाच्याही अंगात युद्ध होतंच. आकितातल्या त्सुचिझाकी बंदरावर १४ ऑगस्ट १९४५ च्या रात्री बाँब पडले. दुसऱ्या दिवशी दुपारी युद्ध संपल्याचं जाहीर झालं. तेलशुद्धीकरणाच्या कारखान्यासाठी टाकलेल्या त्या बाँबमध्ये अडीचशेहून जास्त माणसं गेली. हिजिकाता तेव्हा सतरा वर्षांचा. पण त्याने स्वतः ज्याबद्दल पुन्हा पुन्हा सांगितलं ते बाँब नव्हेत. ते आकितातली थंडी, चिखल आणि टोपली.

टोपलीचं सांगतो. त्या भागात तान्ह्या पोरांना ठेवायला भाताच्या पेंढ्याची विणलेली, बादलीसारखी टोपली असायची. इझुमे म्हणतात. आईबाप शेतात जाताना पोराला त्यात बसवायचे. भोवती कपडे ठासायचे, म्हणजे ऊब राहते आणि पोर बाहेर पडत नाही. पोर दिवसभर त्यात. रडून रडून गप्प होतं. संध्याकाळी बाहेर काढलं की पाय दुमडलेलेच राहतात, सरळ होत नाहीत. १९८५ च्या फेब्रुवारीत, म्हणजे मरणाच्या वर्षभर आधी, त्याने एक भाषण दिलं होतं. त्यात हे सगळं येतं. ते न उलगडणारे पाय हीच त्याच्या नाचाची मुळाक्षरं आहेत असं मला वाटतं.

मी त्या गावाला जाऊन आलोय. ताशिरो. छायाचित्रकार होसोए एइको यांनी हिजिकाताला घेऊन ‘कामाइताची’ नावाची चित्रमालिका केली, १९६९ ला पुस्तक निघालं, त्यातला मोठा भाग तिथला. आता तिथे एका जुन्या वाड्याच्या कोठारात छोटं संग्रहालय आहे. तोक्योहून शिंकान्सेनने ओमागारी, तिथून लोकलने युझावा, पुढे गाडी करावी लागते. कामाइताची म्हणजे विळ्यासारखी नखं असलेलं अदृश्य जनावर. शेतातून चालताना पोटरीवर अचानक चीर पडते आणि कुणी दिसत नाही, ते त्याचं काम.

एका छायाचित्रात हिजिकाता तान्हं बाळ उचलून शेतातून धूम पळतोय. संग्रहालयातून बाहेर पडलो तर समोर तशीच शेतं, कापणी झालेली, भाताच्या पेंढ्या वाळत टांगलेल्या. मी बराच वेळ बांधावर उभा होतो. वाऱ्याने कान दुखायला लागले तेव्हा निघालो.

माळरान

टोपलीचं वाचून मघापासून हात थांबलाय.

माझे आईवडील ऊसतोडीला जायचे. मला आणि बहिणीला फडाच्या कडेला झोळीत ठेवायचे. तीन काठ्यांची तिकाटी, त्याला आईचं जुनं लुगडं. बहिणीचं मला आठवतं, कारण ती झोळीत आणि मी राखायला, पाच वर्षांचा. ती रडायची. मी झोळी हलवायचो. आई दोन सऱ्यांपलीकडे कोयता चालवत असायची, तिला ऐकू जायचं, पण मोळी पुरी केल्याशिवाय येता यायचं नाही. मग बहीण गप्प व्हायची. ते गप्प होणं मला रडण्यापेक्षा जास्त लक्षात आहे.

@भोवरा, शहरातल्या रसिकांनी काय बघितलं ते मला माहीत नाही. पण त्या टोपलीतल्या पोराने मोठं होऊन तेच पाय रंगमंचावर आणले असतील, तर ते पाय त्याचेच आहेत. उसने नाहीत.

अवखळ

माळरान, __/\__

हाडवैद्य

फिजिओथेरपिस्ट म्हणून दोन शब्द.

निरोगी मूल दिवसभर दुमडून बसलं तर संध्याकाळी पाय आखडतात, थोड्या वेळाने मोकळे होतात. कायमचं वाकडेपण सहसा त्याने येत नाही, त्यामागे मुडदूस वगैरे वेगळी कारणं असतात. म्हणजे हिजिकाता सांगतो ती वैद्यकीय नोंद नव्हे, आठवण आहे, आणि ती आठवण म्हणूनच घ्यावी.

पण ‘होसोतान’ बघून मी चकित झालो ते दुसऱ्याच गोष्टीने. आपण उठतो तेव्हा शरीर कामं वाटून घेतं : हा स्नायू आवळ, तो सैल सोड. ह्याच्या पायात सगळेच स्नायू एकदम ओढतायत आणि एकमेकांना अडवतायत. अर्धांगाच्या रुग्णात मी हे रोज बघतो. त्यांच्यात ते मेंदूच्या इजेमुळे होतं. धडधाकट माणसाला मुद्दाम तसं करून इतका वेळ टिकवणं महाकठीण आहे. मी आज दवाखाना बंद केल्यावर करून बघितलं. दीड मिनिटात मांड्या पेटल्या आणि मी चक्क साधा उभा राहिलो.

रंगपीठ

@हाडवैद्य, तुमच्या दीड मिनिटातच उत्तर दडलंय. तुम्ही स्नायूंना हुकूम दिला. बुतोत स्नायूंना हुकूम देत नाहीत, त्यांना गोष्ट सांगतात.

मी काही वर्षांपूर्वी आठ दिवसांचं बुतोचं शिबिर केलं. त्यातला किड्यांचा सराव सांगतो, हिजिकाताने शिष्यांना दिलेला. उभं राहायचं. उजव्या हाताच्या पाठीवर एक किडा चालतोय. फक्त त्याच्याकडे लक्ष. मग दुसरा मानेवरून खाली उतरतो. मग मांडीच्या आतल्या बाजूने तिसरा वर चढतो. पहिला अजून चालतोच आहे, त्याला सोडायचं नाही. असे वाढत जातात. मग पाचशे. मग ते त्वचेच्या छिद्रांतून आत शिरतात आणि आतडी-काळीज खायला लागतात. शेवटी तुम्ही उरतच नाही, फक्त किडे.

मला वाटलं होतं, अभिनय करायचाय. पहिले दोन दिवस खांदे उडवत बसलो. तिसऱ्या दिवशी चौथ्या-पाचव्या किड्यापाशी अंगाने स्वतःच ठरवायला सुरुवात केली. मानेवरच्या किड्यापासून दूर जायचं तर मांडीवरचा चिरडतो, मांडी वाचवायची तर हात हलतो. कुठेच जाता येत नाही. म्हणजे तुम्ही म्हणता तेच, सगळे स्नायू एकमेकांना अडवतात. मी हललो दोन-तीन बोटंच असेन, पण घामाने सदरा पाठीला चिकटला होता.

अशा शेकडो प्रतिमांच्या त्याने वह्या केल्या. फ्रान्सिस बेकन, बॉश, बेलमेर यांची चित्रं मासिकांतून कापून चिकटवायची आणि शेजारी शब्द. त्याला ‘बुतो-फु’ म्हणतात, म्हणजे बुतोची लिपी. १९७३ नंतर तो स्वतः रंगमंचावर फारसा आलाच नाही. आशिकावा योको नावाच्या शिष्येच्या अंगावर तो ही लिपी लिहीत राहिला. ती नाचायची आणि तो शेजारी बसून छोटं ढोलकं वाजवत शब्दांचा मारा करायचा, असं तिथे शिकलेले लोक सांगतात.

चिमणपाखरू

किड्यांचं वाचून अंगावर काटा आला. आपले पोतराज अंगावर आसूड ओढतात, बगाडाला लोक गळ टोचून घ्यायचे, तेही याच जातीचं का?

माळरान

नाही, चिमणपाखरू. पोतराज देवीसाठी फिरतो आणि पोटासाठी फिरतो. त्याच्या पाठीवरचा वळ खरा असतो आणि त्याच्या मागे त्याची बायको डोक्यावर देव्हारा घेऊन असते. त्याला कुणी कलावंत म्हणून बोलावत नाही. शरीराला त्रास दिला की सगळं एकच, असं करू नये.

चिमणपाखरू

बरोबर आहे तुमचं. घाईत लिहिलं.

काटेसावर

दोन दिवस लिहू की नको करत होते.

मला दीड वर्षाची असताना पोलिओ झाला. डाव्या पायात कॅलिपर आहे. गवतफूलने लिहिलंय ना, गुडघा वर येतो, थरथरतो, घोटा वळतो, डोलारा खाली? ते वाक्य मी रोज जगते. बाथरूममधून उठताना, एसटीची पहिली पायरी चढताना. त्यामुळे माझा या धाग्यावर थोडा जास्त हक्क आहे असं समजा.

शाळेत पोरं माझी चाल करून दाखवायची. त्यांना ती फार छान जमायची. त्यामुळे कुणी असं काही करताना दिसलं की मी आधी त्याच्या चेहऱ्याकडे बघते. चिडवणारा माणूस पाय वाकडे करतो, पण डोळे समोरच्या लोकांवर ठेवतो, हसतायत का बघायला. हिजिकाताचे डोळे कुणाकडेच नाहीत. तो खरोखर उठायच्या मागे लागलाय. उठण्याला किती वेळ लागतो हे लोकांना माहीत नसतं, कारण ते मदत करायला धावतात किंवा मान फिरवतात. इथे कुणाला धावता येत नाही. मला ते आवडलं. माझ्या उठण्याकडे तेवढा वेळ कुणी बघितलेलं नाही.

पण @भोवरांचा मुद्दा मी सोडणार नाही. त्या सिनेमात विद्रूप शरीर म्हणजे भीती, विद्रूप शरीर म्हणजे सूड, असंच आहे. तिथे मी बाजूला हिजिकाता आहे म्हणून सूट देत नाही. आणि खरोखरची वाकडी बोटं असलेल्या माणसाला तो रंगमंच कधी मिळाला का, हा माझा प्रश्न आहे.

भोवरा

काटेसावर, तुमचं लिहिणं दोनदा वाचलं. डोळ्यांचं म्हणालात म्हणून ‘होसोतान’ पुन्हा लावलं. खरं आहे. दोन डोक्यांच्या वासराचा तंबू हे शब्द मी मागे घेतो.

कोंबडीचे शब्द मागे घेत नाही.

रंगपीठ

कोंबडीबद्दल मीही तुमच्या बाजूने आहे. १९६८ च्या ‘निकुताई नो हानरान’मध्ये, म्हणजे शरीराचं बंड, पुन्हा प्राणी आहेतच. पालखीतून मिरवणुकीने प्रेक्षकांमधून येतो काय, छताला टांगलेले पितळेचे पत्रे काय, कोंबडा काय, शेवटी दोरांनी स्वतःला वर ओढून घेतो काय. त्याची छायाचित्रं जगभर फिरली. मला मात्र त्यानंतरचा, जमिनीवर आलेला हिजिकाता मोठा वाटतो. १९६८ मध्ये तो लोकांना हादरवायला बघतोय. १९७२ मध्ये त्याला त्याची गरजच उरलेली नाही.

@काटेसावर, तुमच्या प्रश्नाला त्याच्या पिढीत ‘हो’ असं उत्तर माझ्याकडे नाही.

निशीकासाईकर

अवांतर : ही मंडळी पैसे कुठून आणायची हेही सांगण्यासारखं आहे. त्याच्या कलाघराचं नाव आस्बेस्तोस-कान, मेगुरोमध्ये. तिथले शिष्य रात्री कॅबरेत नाचायला जायचे, अंगभर सोनेरी रंग फासून. त्यातून आलेल्या पैशावर दिवसा तालीम. सोनेरी रंग काढायचा आणि पांढरा लावायचा. नावाजलेल्या कितीतरी बुतो नर्तकांनी हे दिवस काढलेत.

सांजवेळ

मी वृद्धांच्या शुश्रूषागृहात नर्स आहे. रात्रपाळीला असते. इथे कुणी ओनो काझुओंचं नाव घेतलं नाही म्हणून लिहितेय.

किंजिकीमधल्या त्या पोराचे, योशितोंचे हे वडील. जन्म १९०६. योकोहामातल्या मुलींच्या ख्रिस्ती शाळेत व्यायाम शिकवायचे. युद्धात चीन आणि न्यू गिनीला होते, युद्धकैदी म्हणूनही राहिले. तरुणपणी, १९२९ ला, त्यांनी ला आर्हेंतिना नावाच्या स्पॅनिश नर्तकीचा नाच बघितला होता. तो मनात धरून १९७७ मध्ये, सत्तरी उलटल्यावर, त्यांनी तिच्यावर नाच केला. झालरीचा झगा, टोपी, चेहऱ्यावर पांढरा रंग, सुरकुत्यांत साठलेला. दिग्दर्शन हिजिकाताचं. मग १९८० ला फ्रान्समधल्या नांसीच्या महोत्सवात गेले आणि युरोपने बुतो बघितलं. पुढे पायांनी साथ सोडली तेव्हा खुर्चीत बसून फक्त हातांनी नाचायचे. २०१० मध्ये, १०३ व्या वर्षी गेले.

माझ्याकडे एक आजी होत्या. नव्वदीच्या. स्मृती गेलेली. रात्री अडीच-तीनला त्यांचे हात सुरू व्हायचे, पांघरुणावर. आम्ही नोंदवहीत ‘रात्री अस्वस्थ’ असं लिहायचो आणि डॉक्टरांना विचारून गोळी द्यायचो. ओनोंच्या हातांचं चित्रण बघितल्यावर मी एका रात्री गोळी द्यायच्या आधी स्टूल घेऊन जवळ बसले. डावा हात काहीतरी धरून ठेवायचा, उजवा त्यावरून फिरायचा, मग चिमूट सोडायची. पुन्हा. वीस मिनिटांनी माझ्या लक्षात आलं, त्या जात्यात घास टाकत होत्या. सकाळी त्यांच्या मुलीला विचारलं. ती म्हणाली, लग्नानंतर कितीतरी वर्षं पहाटे दळायला उठायची आई.

मला कलेतलं कळत नाही. पण ते चित्रण बघितलं नसतं तर मी ती वीस मिनिटं बसले नसते.

माळरान

नोंदवहीत त्या दिवशी काय लिहिलंत?

सांजवेळ

‘रात्री ३ ते ३.२० दळण. गोळी दिली नाही.’ सकाळच्या सिस्टरने विचारलं, हे काय? तिला सांगितलं. तिने खोडलं नाही.

अवखळ

सकाळी उजेडात बघितलं. आता रात्रीही बघेन असं वाटतंय.

हाडवैद्य

एक गंभीर गोष्ट, शिबिरं शोधणाऱ्यांसाठी. सांकाई जुकु हा बुतोचा प्रसिद्ध संघ. १९८५ च्या सप्टेंबरमध्ये अमेरिकेत सिअॅटलला ते इमारतीवरून दोरांनी उलटे लटकत सावकाश खाली येणारा प्रयोग करत होते. एकाचा दोर तुटला, आणि खाली जमलेल्या लोकांदेखत तो गेला. शरीर पणाला लावणं हे काव्यातलं वाक्य असलं तरी हाडं खरी असतात. रंगपीठांच्या शिबिरात कुणी गुडघे तपासले होते का?

रंगपीठ

तपासले नव्हते, आणि तपासायला हवे होते. आमच्यातल्या एकीचा जुना गुडघा चौथ्या दिवशी सुजला आणि तिला घरी जावं लागलं. जमिनीवर बसून जाणारा बराच भाग आहे, त्यामुळे आधी सांगणं आणि विचारणं दोन्ही गरजेचं. बरं केलंत काढलंत ते.

गवतफूल

चार दिवस कामात होते. आज सगळं एका बैठकीत वाचलं. माळरान, काटेसावर, सांजवेळ, तुम्ही लिहिलंत त्याबद्दल काय म्हणू!

काल पुन्हा ‘होसोतान’ लावलं. या वेळी काटेसावर म्हणतात तसं, तो उठायला किती वेळ घेतो तेवढंच बघत बसले. मदतीला धावायची ऊर्मी येते, मग मान फिरवायची येते, मग दोन्ही जातात. त्यानंतर एक गोष्ट दिसली जी आधीच्या तीन वेळा दिसली नव्हती. तो पडतो तेव्हा हात जमिनीवर आपटत नाही. अगदी शेवटच्या क्षणी बोटं जमिनीला हळूच लागतात, झोपलेल्या माणसाला जागं करू नये तशी. इतका मोडलेला माणूस जमिनीशी इतका जपून वागतो. मला झोप का लागली नव्हती ते आता थोडं कळतंय. मी राक्षस शोधायला गेले होते आणि तिथे कुणीतरी फार काळजीने पडत होतं.

हिजिकाता सांगायचा की त्याने मेलेल्या बहिणीला आपल्या शरीरात सांभाळलंय, तो नाचतो तेव्हा ती उठून उभी राहते. हे वाचलं होतं तेव्हा मला ते भयकथेतलं वाक्य वाटलं होतं. काल तसं वाटलं नाही.

@निशीकासाईकर, पुढच्या वर्षी जपानला यायचं घाटतंय. त्याच्या त्या चिकटवह्या प्रत्यक्ष बघता येतात का?

निशीकासाईकर

हिजिकाता १९८६ च्या जानेवारीत गेला, ५७ वर्षांचा होता. त्याचे कागद, चित्रणं, छायाचित्रं सांभाळणारं अर्काइव्ह १९९८ पासून कीओ विद्यापीठाच्या कला केंद्रात आहे, तोक्योतल्या मिता भागात. आधी लिहून वेळ घ्या, आणि काय बघायचंय ते नेमकं कळवा. ताशिरोलाही जाणार असाल तर ऑक्टोबर बघा, भात कापून झालेला असतो आणि बर्फ पडायचा असतो. कानटोपी आणा.

काटेसावर

त्या कोठाराला पायऱ्या किती आहेत हो?

निशीकासाईकर

मोजल्या नव्हत्या. विचारून इथेच लिहितो.